काउंटरटेनर: बरोक ऑपेरात करिअर कसं उभं राहतं?

मंद्रपंचम

पाश्चात्त्य संगीताच्या जुन्या धाग्यावर काउंटरटेनरबद्दल, म्हणजे स्त्री-आवाजाच्या उंचीवर गाणाऱ्या पुरुष गायकाबद्दल, बरेच प्रश्न आले होते. तिथे ते अवांतर ठरत होते, म्हणून हा वेगळा धागा. आवाज कसा बनतो, कामं कुठली मिळतात, पैसे कसे मिळतात, काय बिघडतं, सगळं इथे येऊ द्या. फक्त ऐकीव गोष्टी नकोत.

सुरुवात एका बरोक (सतराव्या-अठराव्या शतकातल्या) ऑपेरापासून करतो, कारण या धंद्याच्या बहुतेक पायऱ्या त्या एकातच दिसतात. हँडेलचा 'जुलिओ चेझारे' (म्हणजे ज्युलियस सीझर), पहिला प्रयोग लंडनच्या किंग्ज थिएटरमध्ये, २० फेब्रुवारी १७२४. आज त्यात काउंटरटेनरला तीन भूमिका मिळू शकतात.

निरेनो हा क्लिओपात्राचा सेवक. १७२४ मध्ये त्याला एकही आरिया (एकट्याने गायचं पूर्ण गाणं) नव्हती. पुढच्या एका पुनःप्रयोगासाठी लिहिलेली 'की पेर्दे उन मोमेन्तो' बरीच थिएटरं हल्ली त्याला देतात. शिक्षण संपवून आलेल्या गायकाला बहुधा इथेच शिरकाव मिळतो: रेचितातीव्हो (बोलण्याच्या लयीतलं गाणं), रंगमंचावर भरपूर वावर आणि एक आरिया.

तोलोमेओ हा खलनायक. तीन आरिया आणि एक छोटं आरिओसो (आरियासारखाच, पण आखूड आणि मोकळा तुकडा). 'लेम्प्यो, स्लेआले' मध्ये सुरांच्या मोठ्या उड्या आहेत. इथे अभिनय चालून जातो, थोडा कर्कशपणाही खपतो. खुद्द चेझारेला आठ आरिया, वर वाद्यवृंदासकट दोन रेचितातीव्हो आणि शेवटी क्लिओपात्राबरोबरचं द्वंद्वगीत. मध्यंतरं धरून प्रयोग चार तासांच्या आसपास जातो.

निरेनोवरून चेझारेवर जायला लागणारी वर्षं उंच सूर मिळवण्यात जात नाहीत, कारण चेझारे फार उंच नाहीच. 'व्हा ताचितो' मध्ये सोबतीला हॉर्न वाजतो आणि गळा मधल्या-खालच्या भागातच फिरत राहतो, जिथे काउंटरटेनरचा आवाज सगळ्यात बारीक असतो. 'एम्प्यो, दिरो' मध्ये रागाच्या भरातल्या ताना, 'आउरे, देह, पेर पिएता' मध्ये लांब, संथ दम. ही तिन्ही कामं एका रात्रीत एकाच गळ्याने करायची. भूमिका निवडताना सर्वांत वरचा सूर कुठला हे विचारण्यापेक्षा गाण्याचा बहुतेक वेळ कुठल्या सुरांवर जातो ते पाहावं. माझ्या मते हा प्रश्न वेळेवर न विचारल्यानेच बरीच करिअर्स अडखळतात.

श्रुती_क

मंद्रपंचम, उत्तम सुरुवात. आवाजाच्या बाजूने भर घालते.

काउंटरटेनर मुख्यतः फॉल्सेटोत गातो. नेहमीच्या छातीच्या आवाजात स्वरपट्ट्या जाड राहून पूर्ण रुंदीने कंप पावतात. फॉल्सेटोत आतला स्नायू सैल सुटतो, बाहेरचा स्नायू पट्ट्या ताणून पातळ करतो आणि फक्त कडा कंप पावतात. त्यामुळे दोन अडचणी येतात. पट्ट्या नीट मिटत नाहीत, मधून हवा निसटते, म्हणून दम लवकर संपतो. आणि वरचे स्वरांश कमी असल्याने आवाज दूरवर पोचवायला कष्ट पडतात. शिक्षणाचा मोठा भाग या मिटण्यावरच खर्च होतो.

हार्मोनियमचं मधलं सप्तक मध्य सी पासून धरलं, तर आल्टो काउंटरटेनरचा पल्ला साधारण मंद्रातल्या पांढरी पाचपासून तारातल्या पांढरी दोन-तीनपर्यंत. मेझो प्रकारचे गायक तारातल्या पांढरी पाचपर्यंत जातात, सोप्रानिस्ट त्याच्याही वर. आपल्याकडच्या पुरुष गायकाचा सा काळी एक असेल, तर त्याचा तार सा जिथे लागतो तिथून पुढे काउंटरटेनरची खरी कामाची जागा.

बोलण्याचा आवाज यांच्यापैकी बहुतेकांचा बॅरिटोनचा (मधल्या अंगाचा पुरुषी) असतो. आवाज न फुटलेला माणूस ही समजूत चुकीची आहे.

अवघड जागा म्हणजे जोड. मध्य सी च्या खाली-वर तीन-चार सुरांचा हा पट्टा, जिथे फॉल्सेटो विरळ होत जातो आणि छातीचा आवाज अजून जड असतो. इंग्लिश कॅथेड्रल परंपरेत छातीचा आवाज टाळतात, त्यामुळे तळ फिका पण एकसंध राहतो. काउंटरटेनर फ्रांको फाजोली सरळ छातीत उतरतो आणि तो बदल नाट्यासाठी वापरतो. दोन्ही मार्ग चालतात. मात्र कुठल्या सुरावर उतरायचं हे आरियागणिक आधी ठरवून, स्वरलिपीवर खूण करून ठेवावं लागतं. प्रयोगाच्या रात्री ठरवायला गेलं की आवाज तिथेच तडकतो.

नाट्यवेडा

माझा भाबडा प्रश्न. नायक सेनापती आणि आवाज बायकी, हे त्या काळच्या प्रेक्षकांना खटकत नव्हतं? आपल्याकडे बालगंधर्व स्त्रीभूमिका करत, पण गळा स्वतःचाच लावत. आणि इतका उंच आवाज हवा असेल तर गायिकेलाच का घेत नाहीत?

मंद्रपंचम

नाट्यवेडा, प्रश्न रास्त आहे, आणि दुसऱ्या भागात या करिअरचं अर्थकारण आहे.

या भूमिका मुळात कास्त्रातो गायकांसाठी (लहानपणीच खच्चीकरण करून ज्यांचा उंच आवाज टिकवला जाई ते) लिहिल्या. चेझारे लिहिला कास्त्रातो सेनेसिनोसाठी. त्या काळच्या क्वान्ट्झ या संगीतकाराने त्याचा आवाज खालच्या अंगाचा मेझो (मधल्या उंचीचा स्त्री-आवाज) म्हणून वर्णन केलाय, तारातल्या पांढरी चारच्या वर तो क्वचितच जाई. तेव्हा उंच आवाज म्हणजे वीर, राजा, प्रेमी. बास (सगळ्यात खालचा पुरुषी आवाज) म्हणजे म्हातारे नाहीतर सेनापतीचे हुकूमबरदार. प्रेक्षकांचा कान तसाच तयार झाला होता. रोममध्ये बायकांना रंगमंचावर बंदी होती, त्यामुळे तिथे स्त्रीभूमिकाही कास्त्रातोच करत. बालगंधर्वांशी तुलना करायची तर ती रोमशी करावी, लंडनशी नव्हे.

कास्त्रातो संपले. शेवटच्यांपैकी अलेस्सांद्रो मोरेस्की १९२२ मध्ये वारला. त्याचं १९०२ आणि १९०४ चं ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. १९२० मध्ये ग्योटिंगेनला हँडेलचे ऑपेरा पुन्हा उभे राहू लागले, तेव्हा या भूमिका सप्तकभर खाली आणून बॅरिटोन-बासना दिल्या. त्याने रचनाच बिघडते. मुळात व्हायोलिनच्या शेजारी चालणारी ओळ खालच्या चेलोत जाऊन अडकते, द्वंद्वगीतात दोन आवाजांची वीण उसवते. तरीही पुढची कित्येक दशकं हे चाललं.

काउंटरटेनर परत आला तो इंग्लंडमधून. आल्फ्रेड डेलरसाठी बेंजामिन ब्रिटनने 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम' मधला ओबेरॉन लिहिला, ऑल्डबरा, १९६०. डेलरचा आवाज लहान होता. जेम्स बोमनने तीच भूमिका मोठ्या थिएटरात नेली. मग पॉल एस्वुड, रने याकोब्स, पुढे आंद्रेआस शोल, फिलिप जारुस्की.

आता गायिकांचं. मेझो आणि कोन्ट्राल्टो (त्याहून खालच्या आवाजाच्या) गायिका याच भूमिका गातात, आणि कित्येकदा जास्त भक्कम गातात, कारण त्यांचा जोड वेगळ्या जागी पडतो आणि खालचा भाग भरीव असतो. ग्लाइंडबर्नच्या २००५ च्या 'जुलिओ चेझारे' मध्ये चेझारे सारा कॉनली होती, काउंटरटेनर क्रिस्तोफ दुमो तोलोमेओ होता. (डेव्हिड मॅकव्हिकरच्या या निर्मितीत ब्रिटिश साम्राज्याचा माहोल होता आणि क्लिओपात्राच्या नाचांवर हिंदी सिनेमाची स्पष्ट छाप. जरूर पाहा.) म्हणजे प्रत्येक भूमिकेसाठी तुमची स्पर्धा दुसऱ्या काउंटरटेनरशी असतेच, शिवाय मेझोंच्या फार मोठ्या फळीशीही असते. तुम्हाला का घ्यावं याचं उत्तर 'पुरुष दिसतो' एवढंच असेल तर ते फार टिकत नाही.

पणजीकर

एक भारतीय धागा राहिला. हँडेलचाच 'पोरो', १७३१, म्हणजे आपला पोरस राजा, आणि ती भूमिका सेनेसिनोचीच. मूळ संहिता इटालियन कवी मेतास्तासिओची 'अलेस्सांद्रो नेल्लिंदिए'. त्याच संहितेवरचा लेओनार्दो व्हिंचीचा ऑपेरा रोममध्ये १७३० मध्ये फक्त पुरुषांनी गायला होता. बायरॉइट बरोक महोत्सवाने २०२२ मध्ये तो तसाच, सगळे पुरुष घेऊन केला. दिग्दर्शन माक्स एमानुएल चेंचिचचं, पोरो फाजोली, आणि राणी क्लेओफीदे ब्राझीलचा सोप्रानिस्ट ब्रूनो दे सा.

बाझलवासी

आता पट्टीबद्दल लिहितो, कारण करार करताना हीच गोष्ट सगळ्यात उशिरा विचारली जाते.

आधुनिक वाद्यवृंद ए (पांढरी सहा) ४४० हर्ट्झला किंवा जरा वर लावतात. बरोक वाद्यवृंद बहुधा ४१५, म्हणजे आपल्या हिशेबात पांढरी सहाच्या जागी काळी चार वाजते, अर्धा सूर खाली. फ्रेंच रचनांना ३९२, म्हणजे पूर्ण सूर खाली. काही इटालियन कामांना मात्र ४४० किंवा ४६५ सुद्धा.

गळ्यातला जोड हा प्रत्यक्ष कंपनसंख्येवर असतो, कागदावरच्या सुरावर नव्हे. ४१५ वर बसवलेली भूमिका ४४० वर गायची झाली, तर वरचे सूर चढतातच, शिवाय जोड आरियातल्या वेगळ्याच शब्दावर येऊन पडतो. श्रुतीताईंनी सांगितलेल्या खुणा मग सगळ्या पुन्हा कराव्या लागतात. उलटही होतं: ४४० वर तळ बरा वाटणारी 'व्हा ताचितो' ४१५ वर ऐकूच येत नाही. म्हणून प्रस्ताव आला की उत्तर देण्याआधी चार गोष्टी लेखी विचाराव्यात: पट्टी कुठली, वाद्यं तातीच्या तारांची की आधुनिक, सभागृह किती खुर्च्यांचं, आणि कुठल्या आरिया कापल्या किंवा जोडल्या आहेत.

सभागृहाने फार फरक पडतो. बायरॉइटचं मार्कग्राफांचं ऑपेरा हाऊस पाचशे खुर्च्यांच्या आसपासचं आणि लाकडी. ग्लाइंडबर्न बाराशेचं. न्यूयॉर्कचं मेट्रोपॉलिटन जवळपास ३,८०० चं. पहिल्यात सुंदर वाटणारा आवाज तिसऱ्यात पहिल्या अंकातच ढकलला जाऊ लागतो, आणि ढकललं की स्वरयंत्र वर चढतं, मानेच्या शिरा दिसू लागतात, सूर कणसूर होतो.

आणखी एक गफलत टाळा. फ्रेंच ऑपेरातला ओत-कोन्त्र हा काउंटरटेनर नव्हे. रामो आणि लुलीच्या त्या भूमिका उंच टेनरच्या आहेत, छातीच्या आणि मिश्र आवाजात गायच्या. फॉल्सेटोत त्या गायला गेलात तर अर्धी भूमिका तुमच्या तळाच्या खाली जाते. परसेलच्या काही जागाही अशाच आहेत. तिथे आरिया एकेक करून तपासा.

नाट्यवेडा

हिंदुस्थानी गायकी शिकलेल्या मुलाला याचा उपयोग होतो की अडचण?

श्रुती_क

दोन्ही. सुराची पारख, दमसास, तानेची फिरत, आणि आयत्या वेळी सुचलेली जागा घेण्याची सवय, हे सगळं उपयोगी पडतं. दा कापो आरियात पहिला भाग परत येतो तेव्हा तो सजवून गाणं अपेक्षितच असतं.

अडचणी तीन. आपली तान गमकाने, प्रत्येक सुराला धक्का देत जाते. बरोक तान समान, सुट्या मण्यांसारखी हवी, आणि वाद्यवृंदाच्या ठोक्याला चिकटून. दुसरं, आपल्याकडे तार सप्तक खुल्या आकारात, छातीने लावायची शिकवण असते. तोच जोर फॉल्सेटोत नेला की पट्ट्या फाकतात. तिसरं म्हणजे स्वरलिपी नजरेसरशी वाचता येणं. तालमीच्या पहिल्या दिवशी भूमिका पाठ असावी लागते, तिथे कोणी शिकवत बसत नाही.

रियाजाचं विचाराल तर आरंभी फॉल्सेटोत वीस मिनिटांचे दोन भाग पुरे, मध्ये दोन-तीन तास विश्रांती. सुरुवात वरून खाली करावी: मधल्या सप्तकातल्या पांढरी सहावरून पाच सुरांची उतरती ओळ, 'ऊ' वर, हळू, दर वेळी अर्धा सूर खाली. फॉल्सेटो जितका खाली आणता येईल तितका आणायचा, पण दाबायचा नाही. मग तेच 'ई' वर, कारण त्यात मिटणं सुधारतं. 'आ' सगळ्यात शेवटी. मिटण्यासाठी काचेच्या भांड्यात दोन-तीन सेंटिमीटर पाणी घ्या, नळी बुडवा, आणि बुडबुडे एकसारखे ठेवत सूर धरा. बुडबुडे मध्येच उसळले की हवा जास्त सुटतेय असं समजावं. त्यानंतर एकच सूर बारीक धरून फुगवायचा आणि परत बारीक करायचा, मेस्सा दी व्होचे. सहा-सात सेकंदांपासून सुरू करून हळूहळू वाढवा. यात आवाज जिथे उडी मारेल तिथे तुमचा जोड आहे.

छातीचा आवाजही रोज गरम करा. तो सोडून दिला की तळ कधीच येत नाही.

सजावटीबद्दल एकच सांगते. परत येणाऱ्या भागाच्या पहिल्या चार-सहा मात्रा साध्या ठेवा, श्रोत्याला चाल ओळखू द्या, मग खुलवा. ट्रिल (शेजारच्या दोन सुरांची जलद अदलाबदल) वरच्या सुरावरून सुरू करा. शेवटची कादेन्झा (आरियाच्या अखेरची मोकळी सजावट) एका दमात बसली पाहिजे. मध्ये श्वास लागला तर ती लांब झाली आहे, कापा.

पणजीकर

शिक्षण कुठे, हेही येऊ द्या. गोव्यात पाश्चात्त्य संगीताची पाळंमुळं जुनी आहेत. चर्चच्या शाळांत स्वरवाचन शिकवायची परंपरा होती, आणि कला अकादमीत पाश्चात्त्य संगीताचा विभाग आहे. मुंबईत २००६ पासून एनसीपीएचा सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया आहे, रॉयल ऑपेरा हाऊस २०१६ मध्ये पुन्हा उघडलं. मुंबईत जन्मलेल्या सोप्रानो पॅट्रिशिया रोझारिओ भारतात येऊन गायक घडवतात. मात्र बरोकचा खास अभ्यास, म्हणजे त्या काळचे उच्चार, सजावट, हार्प्सिकॉर्डबरोबरचं रेचितातीव्हो, यासाठी बाहेर जावंच लागतं.

आणि भारतीय नातं म्हणून बेजुन मेहताचं नाव घ्यायला हवं. अमेरिकन गायक, झुबिन मेहतांचा दूरचा नातलग. आधी बाल सोप्रानो, मग बॅरिटोन, नंतर काउंटरटेनर. २०१२ मध्ये जॉर्ज बेंजामिनच्या 'रिटन ऑन स्किन' मध्ये तो पहिल्या प्रयोगापासून होता.

बाझलवासी

पणजीकर, बरोबर. बाझलची स्कोला कान्तोरुम १९३३ पासून केवळ जुन्या संगीतासाठी चालते. शोल तिथलाच. लंडन, द हेग इथेही वेगळे विभाग आहेत. इंग्लंडमध्ये कॉलेज आणि कॅथेड्रलच्या गायनवृंदातून येणारे पुष्कळ. तिथे रोज नवं वाचून गावं लागतं, त्यामुळे वाचन पक्कं होतं, पण अभिनय आणि मोठा आवाज वेगळा शिकावा लागतो.

शिकून झाल्यावरच्या पायऱ्या: विल्यम क्रिस्टींच्या लेज आर फ्लोरिसां संस्थेचा 'जार्दां दे व्हुआ' हा तरुणांसाठीचा उपक्रम, इन्सब्रुकची चेस्ती स्पर्धा, लंडनची हँडेल स्पर्धा. या ठिकाणी परीक्षकांत थिएटरांचे आणि महोत्सवांचे लोक बसतात, म्हणून बक्षीस नाही मिळालं तरी काम मिळू शकतं.

ऑडिशनला पाच आरिया तयार ठेवाव्यात. एक संथ आणि लांब दमाची: 'रोदेलिंदा' मधली 'दोव्हे सेई'. एक तानांची: त्यातलीच 'व्हिव्ही तिरान्नो' किंवा 'रिनाल्दो' मधली 'व्हेन्ती, तुर्बिनी'. एक सतराव्या शतकातली, मोन्तेव्हेर्दीचा ओत्तोने चांगला. एक इंग्लिश, ओबेरॉनची 'आय नो अ बँक'. एक विसाव्या-एकविसाव्या शतकातली. पहिली तुम्ही निवडता, दुसरी ते मागतात. तानांची आरिया पहिली गाऊ नका. छाती धडधडत असते, श्वास वर असतो आणि पहिल्याच ओळीत ताना घसरतात.

पैशाचं गणित: जर्मन थिएटरांत पगारी कलावंत असतात, पण काउंटरटेनरला अशी कायम जागा क्वचित. बहुतेक काम पाहुणा कलाकार म्हणून. मानधन दर प्रयोगामागे. नव्या निर्मितीच्या तालमी पाच ते सात आठवडे चालतात, आणि त्या काळात अनेक ठिकाणी वेगळं काही मिळत नाही, मिळालं तर ठोक रक्कम. राहण्याचा खर्च आपला. प्रयोगाच्या दिवशी घसा बसला आणि गायला नाहीत तर त्या रात्रीचे पैसे नाहीत. एजंटचे दहा टक्के किंवा वर. जर्मनीत परदेशी कलाकाराच्या मानधनातून साधारण पंधरा टक्के कर आणि त्यावरचा अधिभार बहुधा तिथेच कापला जातो. प्रमाणपत्र मागून ठेवा, भारतात विवरण भरताना लागतं.

म्हणून ऑरातोरिओ (अभिनयाविना मैफलीत गायच्या, बहुधा धार्मिक मोठ्या रचना) सोडू नका. बाखचे पॅशन (येशूच्या यातनांच्या कथेवरच्या रचना) ईस्टरच्या आधी, 'मसाया' नाताळच्या सुमारास. एक-दोन दिवस तालीम, एक मैफल, लगेच मानधन. 'मसाया' मधली 'बट हू मे अबाइड' चा जो वेगवान भाग आज काउंटरटेनर गातात, तो हँडेलने १७५० मध्ये कास्त्रातो गुआदान्यीसाठी नव्याने लिहिला. हाच गुआदान्यी पुढे १७६२ मध्ये ग्लुकचा पहिला ऑर्फेओ झाला. दोन्ही कामं यादीत हवीतच.

नाट्यवेडा

हे किती वर्षं चालतं? आणि बावीस-तेवीसचा मुलगा आज सुरू करणार असेल तर पहिल्यांदा काय हातात घ्यावं?

मंद्रपंचम

चाळिशीनंतर पट्ट्यांचा लवचिकपणा कमी होऊ लागतो. फॉल्सेटोत सगळं काम पातळ कडेवर असल्याने हवा निसटणं लवकर कळतं. शहाणे गायक आधी वरच्या अंगाच्या भूमिका सोडतात, मग लांबच्या. बरेच जण त्याआधीच दुसरं दार उघडून ठेवतात: याकोब्स वाद्यवृंद संचालनाकडे वळला, चेंचिच दिग्दर्शन करतो आणि बायरॉइटचा महोत्सव चालवतो, जारुस्कीने स्वतःचा वाद्यवृंद आणि मुलांसाठी अकादमी काढली, अँथनी रॉथ कोस्टान्झो २०२४ पासून ऑपेरा फिलाडेल्फियाचा प्रमुख आहे. नव्या संगीतातही मागणी आहे. फिलिप ग्लासचा 'आखनातेन' काउंटरटेनरशिवाय होतच नाही.

सुरुवातीला वाक्काईच्या गायनपाठांचं खालच्या आवाजासाठीचं पुस्तक घ्यावं. पाठ छोटे आहेत आणि शब्द मेतास्तासिओचे, म्हणजे ज्या कवीच्या संहिता पुढे आयुष्यभर गायच्या त्याचीच इटालियन पहिल्या दिवसापासून तोंडात बसते. त्याबरोबर परसेलचं 'म्युझिक फॉर अ व्हाइल'. मग हँडेलची 'ओम्ब्रा माई फू': पहिलाच सूर तारातल्या पांढरी एकवर लांब धरायचा, बारीक सुरू करून फुगवायचा. तो सूर न थरथरता, न घोगरता लागेपर्यंत पुढची ओळ घेऊ नये. व्हिवाल्दीच्या 'जुस्तिनो' मधली 'व्हेद्रो कोन मिओ दिलेत्तो' समाजमाध्यमांवर फार गाजली आहे आणि सगळ्यांना तीच गायची असते. गावी, पण त्या आरियात लपायला जागा नाही, जोड उघडा पडतो, म्हणून दुसऱ्या वर्षी. चेझारेच्या आरियांपैकी 'नोन ए सी व्हागो' तेवढी घ्यावी, बाकी राहू द्याव्यात.